‘पाप दोंग’ म्हणजे पाप नव्हे गं

पत्र बरंच मोठं होतं, कामापुरतं कापून देतेय.

“ताई, आम्ही बेकासीला राहतो, जकार्ताला लागूनच. नवरा इथल्या कारखान्यात आहे, येऊन ९ वर्षं झाली. मुलगी १४ ची, इथल्याच शाळेत जाते, भाषा तिला माझ्यापेक्षा शंभरपट येते. मागच्या महिन्यात तिच्या मैत्रिणीनं गेममधले फुकट डायमंड मिळणार म्हणून स्वतःच्या आईचा ओळखपत्र हातात धरलेला सेल्फी कुणालातरी पाठवला, आईला सांगितलं शाळेला हवाय. आता त्या बाईला न घेतलेल्या कर्जाच्या वसुलीचे मेसेज येतायत. मी घाबरले आणि रात्री माझ्या लेकीचा फोन उघडून बघितला. तर इन्स्टाची दोन अकाउंट! दुसऱ्यावर ३१ जण आहेत, त्यात मी नाही. कुणी मुलगा तिला ‘पाप दोंग’ लिहितोय, मी तर पाप वाचूनच गार पडले. ती उठली, भांडण झालं, मला ‘गाप्तेक’ म्हणाली आणि ८ दिवस झाले बोलत नाहीये. हिला प्रायव्हसी म्हणजे काय ते कळतच नाही. इथं आपलं कोण आहे ताई, मनातलं सगळं कराडच्या फॅमिली ग्रुपवरच बोलते, मागच्या वर्षी तिचा नवा पासपोर्ट आला तो पण तिथं कौतुकानं दाखवला, तेव्हा किती हसत होती. आता पासवर्ड माझ्याकडे ठेवू का, लक्ष ठेवायचं ॲप टाकू का, की सरळ आजीकडे कराडला पाठवू?”

तू ताई म्हणालीस म्हणून मी पण अगं-तुगंच करते. पहिलं म्हणजे पाणी पी. ‘पाप दोंग’ मधलं पाप आपलं पाप नाहीये. पीएपी, म्हणजे ‘पोस्ट अ पिक्चर’, त्याचं तिकडच्या पोरांनी ‘पाप’ करून टाकलंय, आणि दोंग म्हणजे आपला लाडातला ‘ना’. ‘फोटो टाक ना’, एवढाच अर्थ. कुठायस, काय खातेस, नवीन बूट दाखव, सगळ्याला पाप दोंग. दहातल्या नऊ वेळा समोरचा नुसता बक्सोची, म्हणजे तिकडच्या मांसाच्या गोळ्यांच्या सूपची, वाटी बघायला मागत असतो. दहाव्या वेळेचं खाली बोलूया, ते सोडणार नाहीये मी. आणि गाप्तेक म्हणजे ‘गागाप तेक्नोलोगी’, टेक्नॉलॉजीपुढं तोतरा होणारा माणूस. शिवी नाही, पण १४ वर्षांच्या तोंडून ऐकलं की लागतं, मला माहितीये. मी ५ वर्षं तिकडंच सुराबायाला काढलीत, मला तर घरी पाणी टाकायला येणारा पोरगा गाप्तेक म्हणायचा.

आता तुझं ते वाक्य, की हिला प्रायव्हसी कळतच नाही. मला वाटतं तुझं इथंच चुकतंय. जी मुलगी दोन अकाउंट चालवते, एक शाळा-नातेवाईक-आई यांच्यासाठी नीटनेटकं आणि एक ३१ जणांसाठी जिथं ती रडते-हसते, तिला प्रायव्हसी चांगलीच कळते. तिचा हिशोब फक्त उलटा आहे. तिच्या डोक्यात प्रायव्हसी म्हणजे आईला, मिस लोकांना, वर्गातल्या चोंबड्यांना कळू नये ते. तिकडं चोंबडेपणाला केपो म्हणतात, आणि केपो लोकांपासून कसं लपायचं यात ती पोरं पीएचडी असतात. पण ज्याचं तोंडच बघितलेलं नाही, जो नुसते नंबर आणि तारखा गोळा करतोय, त्याच्याबद्दल कुणी काही शिकवलेलंच नसतं. तिकडच्या सरकारनं २०२२ चा डिजिटल साक्षरतेचा निर्देशांक काढला तेव्हा पूर्ण देशाला ५ पैकी ३.५४ मिळाले, चार खांबांमध्ये ‘डिजिटल संस्कृती’ सगळ्यात वर आणि ‘सुरक्षितता’ सगळ्यात खाली, ३.१२. युनिसेफनं २०२३ ला तिकडच्या मुलांना विचारलं तर ऑनलाइन सुरक्षित कसं राहायचं याची माहिती मिळालेली मुलं ३७.५ टक्के. म्हणजे तुझी लेक काही जगावेगळी वाया गेलेली नाही.

मजा अशी की तुला धडकी भरली ती दुसऱ्या अकाउंटमुळं, आणि मला काळजी वाटते ती पहिल्याची. ते शहाण्या मुलीचं अकाउंट उघड आणि नीट बघ. तिथं बहुतेक पूर्ण नाव असेल, शाळेचं नाव आणि बॅच असेल, वाढदिवसाच्या पोस्टवर तारीख असेल, आणि एक ट्विबन असेलच असेल. ट्विबन म्हणजे फोटोभोवती लावायची ती छापील चौकट, तिकडं नवीन शाळेत गेलं की ओरिएंटेशनच्या आठवड्यात पोरं “मी अमुक, तमुक शाळेत दाखल” अशी चौकट लावून पब्लिक पोस्ट टाकतात, बऱ्याचदा तर ते कामच दिलेलं असतं. म्हणजे ज्या माणसाला तुझ्या लेकीच्या वयाच्या मुलींची यादी शाळेसकट हवी असेल त्याला हॅकिंग-बिकिंग काही करावं लागत नाही, नुसतं सर्च.

तारखेवर मी एवढी का अडलेय सांगते. इंडोनेशियातला एनआयके, आपल्या आधारसारखा नंबर, १६ आकडी असतो. आधारचे आकडे पाहून माणसाबद्दल काही कळत नाही, पण एनआयके बोलतो. पहिले ६ आकडे ज्या भागात नोंद झाली त्या प्रांताचे, जिल्ह्याचे, तालुक्याचे, पुढचे ६ जन्मतारखेचे, आणि बाई असेल तर दिवसात ४० मिळवायचे. म्हणजे १२ मार्च २०११ ला जन्मलेल्या मुलीचे मधले आकडे ५२०३११. उरले शेवटचे ४. तुझ्या लेकीच्या वर्गातल्या प्रत्येक मुलीचा नंबर तिच्या वाढदिवसाच्या पोस्टनं आणि गावाच्या नावानं १२ आकड्यांपर्यंत अंदाजानं बांधता येतो, आणि हे त्या मुलींना माहितीच नसतं. सांगून बघ तिला, कागद घेऊन बस. आईनं काहीतरी इंटरेस्टिंग सांगितलं असं तिला आठवड्याभरानंतर वाटलं तरी पुष्कळ झालं.

आणि दुसरी गोष्ट म्हणजे कार्तू केलुआर्गा, कुटुंबाचं कार्ड, आपल्या रेशन कार्डाचा चुलत भाऊ, ज्याच्या केके या अक्षरांचा उच्चार ते लोक ‘काका’ करतात (मला पहिले सहा महिने वाटायचं शाळेला काकांची झेरॉक्स कशाला हवी). त्या एका कागदावर घरातल्या सगळ्यांचे एनआयके, सगळ्यांच्या जन्मतारखा आणि प्रत्येकाच्या आईवडिलांची नावं. आता तिकडच्या बँकेत फोन केला की ओळख पटवायला काय विचारतात, आठव. नामा इबू कांडुंग, आईचं नाव! म्हणजे कुलूप आणि किल्ली एकाच कागदावर छापलेली. आणि हा कागद शाळेच्या प्रवेशाला, शिष्यवृत्तीला, सहलीला, गुगल फॉर्मवर नाहीतर क्लास टीचरच्या व्हॉट्सॲपवर पाठवायचा. सुराबायाला मी एकदा गोरेंगान घेतले, म्हणजे आपली भजीच, आणि तेलकट कागद उलगडला तर कुठल्यातरी घराच्या काकाची झेरॉक्स. आपल्याकडं वडापाव उत्तरपत्रिकेत बांधून देतात तसंच. मी हसले आणि मग भजी गेलीच नाहीत घशाखाली.

मोठ्यांचीच ही तऱ्हा आहे तर पोरांना कुठल्या तोंडानं बोलायचं? २०२२ मध्ये ब्योर्का नावानं कुणी हॅकरनं १३० कोटी सिम कार्ड नोंदणीच्या नोंदी विकायला काढल्या. सिम घ्यायला एनआयके आणि काकाचा नंबर सक्तीचा केलेला तो २०१७ पासून. मग २० जून २०२४ ला सुराबायातलं सरकारचं तात्पुरतं डेटा सेंटरच रॅन्समवेअरनं बंद पाडलं, चोरांनी ८० लाख डॉलर मागितले, विमानतळावर इमिग्रेशनच्या रांगा लागल्या, तू तिथंच होतीस, आठवत असेल, आणि नंतर कळलं की बहुतेक डेटाचा बॅकअपच नव्हता. हे सगळं ती मुलं बघतात आणि त्यांच्या मनात काय येतं, की आपलं सगळं आधीच बाहेर आहे, आता काय लपवायचं? लेकीनं असं म्हटलं तर खोडून काढू नकोस, अर्धं खरं आहे ते. फक्त एवढं सांग की बाहेर पडलेले तुकडे असतात, आणि ते जोडायचं काम चोराला स्वतः करावं लागतं. ट्विबन, वाढदिवस, टोपणनाव टाकून आपण ते त्याला फुकटात करून देतो.

टोपणनावावरून आठवलं. २०२१ च्या नोव्हेंबरात तिकडं इन्स्टाच्या ‘ॲड युवर्स’ स्टिकरची टूम आली होती, तुम्हाला घरात काय काय नावानं हाक मारतात ते टाका. पुष्कळांनी टाकलं. मग एका बाईनं सांगितलं की तिच्या मैत्रिणीला फोन आला, फोनवरच्यानं लहानपणच्या नावानंच हाक मारली, जे फक्त जवळच्यांनाच माहिती होतं, आणि तिनं विश्वासानं पैसे पाठवून दिले. तिकडं ‘मामा मिंता पुल्सा’ची भामटेगिरी तर जुनी, मम्मीला बॅलन्स हवाय, पोलीस स्टेशनात आहे, पटकन टाक, त्यावर लोक आता विनोद करतात. त्याच विनोदाला टोपणनावाची फोडणी दिली की हसू येत नाही. तुझ्या लेकीला घरी काय म्हणता, बाबू, चिऊ, जे काय असेल ते, ते ॲप्सच्या बाहेर राहू दे.

आता त्या मैत्रिणीच्या आईचं, कारण ते खरं अर्जंट आहे आणि तू पत्रात एका वाक्यात उरकलंस. ओळखपत्र हातात धरलेला सेल्फी म्हणजे तिकडच्या पिंजोलला, ऑनलाइन कर्जवाल्यांना, दिलेली सहीच समज. गेममध्ये डायमंड द्यायला कुणालाही कुणाच्याही आईचा चेहरा लागत नाही. त्या बाईंना सांग, पैसे एक रुपिया भरायचे नाहीत, मेसेजचे स्क्रीनशॉट काढून ठेवायचे, पोलिसात लेखी तक्रार द्यायची आणि ओजेकेला, म्हणजे तिकडच्या वित्तीय नियामकाला, १५७ वर कळवायचं. ओजेकेच्या एसएलआयकेमधून आपल्या नावावर कुठली कर्जं आहेत ते बघता येतं, परवानाधारक कंपनीनं दिलं असेल तर तिथं दिसेल. बेकायदेशीर असेल तर दिसणारच नाही, पण मग तक्रार त्यांच्यावरच करायची. ओळखायची एक सोपी खूण पण आहे, परवाना असलेल्या कर्जाच्या ॲपला फोनमधलं फक्त तीनच वापरायची मुभा आहे, कॅमेरा, मायक्रोफोन आणि लोकेशन. जे ॲप कॉन्टॅक्ट लिस्ट मागतं ते नंतर तुमच्या मामीला, बॉसला आणि मुलाच्या मास्तरांना फोन करून तुमची अब्रू काढायला मागतं. आणि त्या मैत्रिणीला एकटं पाडू नका, तिला काय वाटत असेल विचार कर, आईला आपण बुडवलं या विचारानं ती पोर झोपत नसणार. तुझ्या लेकीला तिच्याकडं जाऊ दे. उलट मीच म्हणेन की तुम्ही दोघी मिळून जा, तू त्या आईशी बोल आणि ओजेकेची तक्रार लेकीला लिहू दे, भाषा तिलाच येते ना.

(जाता जाता, व्हॉट्सॲपवर लग्नपत्रिका म्हणून एपीके, म्हणजे ॲप इन्स्टॉल करणारी, फाइल आली तर उघडायची नाही. २०२२ च्या शेवटाला तिकडं कुरिअरच्या पार्सलचा फोटो म्हणून आली, २०२३ उजाडल्यावर लग्नाचं आमंत्रण म्हणून, आणि मग आपल्याकडं ई-चलान आणि लग्नपत्रिका बनून तीच गंमत चालू झाली, इन्स्टॉल केलं की एसएमएस वाचून ओटीपी पळवते. फॅमिली ग्रुपवर टाक हे, तिथल्या काका-मावश्या पत्रिका बघितल्याशिवाय राहत नाहीत.)

बरं, ती दहावी वेळ. पाप दोंग म्हणणारा मुलगा वर्गातला आहे की फक्त गेममधल्या माबारचा, सोबत खेळायचा दोस्त, हे तिला विचार, पण चौकशीच्या सुरात नको. शिकवायचं ते एवढंच, की फोटो मागणं गुन्हा नाही, पण आधी साधा, मग ‘फक्त मला’, मग ‘अजून एक’, मग ‘नाही दिलास तर आधीचा सगळ्यांना दाखवीन’, हा जिना असतो आणि कुठल्याही पायरीवरून खाली येता येतं, अगदी शेवटच्या पायरीवरून सुद्धा. तिकडं आता २०२२ चा १२ नंबरचा कायदा आहे, यूयू टीपीकेएस, त्यात संमतीशिवाय लैंगिक स्वरूपाचा फोटो काढणं, पाठवणं हा वेगळा गुन्हा आहे, आणि धमकावून काही मागितलं तर शिक्षा वाढते. मदतीला सापा १२९ ही सरकारी हेल्पलाइन आहे. आणि १८ च्या आतल्या मुलांसाठी ‘टेक इट डाउन’ म्हणून एक सोय आहे, त्यात फोटो कुठंच पाठवावा लागत नाही, आपल्याच फोनवर त्या फोटोचा एक आकडी ठसा तयार होतो आणि सामील झालेल्या कंपन्या त्या ठशावरून तो फोटो शोधून काढून टाकतात. हे सगळं तिला आज माहिती पाहिजे, तसं काही घडलं नाही तरी, कारण घडल्यावर ती आईकडं येईलच असं नाही. विशेषतः आई रात्री फोन उघडते हे कळल्यावर.

तसं काही झालंच तर आणखी एक, तू रागानं त्या मुलाचं नाव-फोटो फेसबुकवर टाकून धिंडवडे काढायला जाऊ नकोस. तिकडं कायद्यात बदनामीचं कलम आहे आणि ते नाव टाकणाऱ्यावरच उलटू शकतं, शिवाय तुम्ही परदेशी. पुरावे जपून ठेवायचे आणि तक्रार करायची, बस्स.

पासवर्ड घेऊ का म्हणतेस. घे, आणि पुढच्या मंगळवारी तिसरं अकाउंट निघेल, तुला कधी कळणारही नाही. लक्ष ठेवायचं ॲप तर नकोच नको, एक तर ते ॲप तिचं सगळं कुठल्या कंपनीच्या सर्व्हरवर नेऊन ठेवतं देव जाणे, आणि वर तिला धडा मिळतो की ज्याच्या हातात जोर आहे त्यानं दुसऱ्याचं बघितलं तरी चालतं. उद्या तिचा बॉयफ्रेंड पासवर्ड मागेल तेव्हा ती हाच धडा आठवेल. त्यापेक्षा तिच्यासोबत बसून तिचा फोन तिच्याच हातात ठेवून बघा, पहिलं, उघडं अकाउंट प्रायव्हेट करायचं, बायोतली शाळा काढायची, ट्विबन अर्काइव्ह, व्हॉट्सॲपला टू-स्टेपचा पिन. आणि ३१ जणांच्या यादीतून तिला स्वतःलाच विचारू दे, यातला कोण माझा स्क्रीनशॉट काढेल? माझी पैज आहे ४-५ नावं ती तिथल्या तिथं उडवेल. तुला त्या यादीत घेणार नाही ती, आणि ठीक आहे ते. माझ्या आईला पण माझी वही दाखवली नव्हती मी.

एक अवघड गोष्ट मात्र तुम्हा दोघींना बोलावीच लागेल. अकाउंट काढताना जन्मसाल कुठलं टाकलंय? बरीच पोरं नऊ-दहा वर्षांची असताना २००० टाकून मोकळी होतात. मग ते ॲप तिला मोठी बाई समजतं आणि लहान मुलांसाठी जे काही बंद असतं, अनोळखी मेसेज वगैरे, ते तिला सगळं उघडं राहतं. २०२५ च्या मार्चमध्ये राष्ट्रपती प्रबोवोंनी सही केलेला पीपी तुनास नावाचा १७ नंबरचा नियम आहे, त्यात वयाच्या पायऱ्या केल्यात आणि १६ च्या आत जास्त धोक्याच्या प्लॅटफॉर्मवर मुलं नकोत असाच त्याचा रोख आहे. त्यामुळं खरं साल टाकलं आणि अकाउंटच गेलं असं होऊ शकतं. मला विचारशील तर खरं टाकावं, गेलं तर जाऊ दे, पण हे तिला आधी सांगून, फोटो उतरवून घ्यायला वेळ देऊन. गुपचूप रिपोर्ट करू नकोस, ती कधी माफ करणार नाही. आणि नियमानं सगळं सुटेल असं मला काही वाटत नाही गं, जी पोरं नवव्या वर्षी खोटं साल टाकून मोठी झाली ती आणखी एकदा होतील, पण निदान आईनं खोट्यात साथ दिली असं नको.

कराडचं म्हणशील तर इंटरनेट कराडला पण आहे, बहुतेक बेकासीपेक्षा फास्ट. आजीला उगाच कशाला कामाला लावतेस.

आता ८ दिवसांचा अबोला. सुरुवात तुलाच करावी लागेल, कारण फोन तू उघडलास. सॉरी म्हण, पण ‘मी काळजीनं केलं’ हे शेपूट लावू नकोस, शेपूट लावलं की ती फक्त शेपूट ऐकते. आणि सोबत तुझी पण एक चूक कबूल कर, ती तू स्वतःच लिहून पाठवलीयेस, तुझ्या लक्षात आली नाही बहुतेक. तो पासपोर्ट. नाव, जन्मतारीख, जन्मगाव, नंबर, फोटो, किती जण आहेत ग्रुपवर? ३१ पेक्षा जास्तच असतील. तिच्या यादीत ३१ माणसं तिनं स्वतः निवडलेली आहेत आणि तुझ्या ग्रुपवर कुणाचा फोन कुणाचा नातू वापरतो याचा पत्ता नाही. वर्षभरानंतर ‘डिलीट फॉर एव्हरीवन’ चालत नाही, त्याची मुदत दोनेक दिवसांची असते. त्यामुळं एकेकाला फोन करून सांगावं लागेल, गॅलरीतून काढा म्हणून. लेकीला शेजारी बसवून स्पीकरवर कर, कराडच्या काकांना गॅलरी म्हणजे काय इथपासून समजावताना मध्येच ती हसेल बघ.